साहेबाचा ताण, शिपायाचा ताण

काही समजुती अशा असतात की त्या कोणी सिद्ध केलेल्या नसतात आणि कोणी तपासूनही पाहिलेल्या नसतात. केवळ पुनरुक्तीच्या बळावर त्या सत्याचा मान मिळवतात. 'जेवढे पद मोठे, तेवढा ताण मोठा' ही त्यांपैकी एक. वरिष्ठ अधिकाऱ्याला रक्तदाब असला तर तो त्याच्या जबाबदारीचा पुरावा मानला जातो. शिपायाविषयी मात्र आपण सहज बोलून जातो, 'त्याला कसला ताण? पाच वाजले की तो मोकळा.' ही समजूत कोठून आली, ती कोणाच्या सोयीची होती आणि एका शासनयंत्रणेच्या स्वतःच्याच नोंदींनी ती कशी मोडीत काढली, हे या लेखात पाहावयाचे आहे. प्रश्न केवळ वैद्यकाचा नाही. ताण कोणाला होतो याविषयीचे आपले मत चुकले, तर त्यावरचे उपायही चुकीच्या दाराशी जाऊन उभे राहतात.

बुद्धिजीवींचा आजार

'ताण' हा शब्द मराठीत जुना आहे. दोरीला ताण असतो, तारेला ताण असतो आणि फार ताणले की तुटते, हे आपल्याला शास्त्रज्ञांनी सांगावे लागले नाही. मनाच्या आणि शरीराच्या अवस्थेसाठी मात्र हा शब्द रूढ झाला तो इंग्रजीतील 'स्ट्रेस'च्या मागोमाग, आणि त्या इंग्रजी शब्दाचा हा अर्थही फारसा जुना नाही.

त्याआधी १८६९ मध्ये न्यूयॉर्कचे वैद्य जॉर्ज बिअर्ड यांनी 'न्यूरस्थेनिया' म्हणजे मज्जातंतूंचा थकवा ही संकल्पना मांडली होती. त्यांच्या मते आगगाडी, तारायंत्र आणि व्यापारी स्पर्धा यांच्या युगात हा थकवा प्रामुख्याने बुद्धीने काम करणाऱ्या सुसंस्कृत वर्गाला ग्रासतो. खाणीत वा शेतात राबणारा माणूस थकतो, पण त्याचे मज्जातंतू थकत नाहीत, असा या विचाराचा रोख होता. आजारालाही वर्ग असतो, ही कल्पना तेव्हापासून रुजली.

१९१५ मध्ये हार्वर्डचे वॉल्टर कॅनन यांनी संकटप्रसंगी शरीर 'लढा किंवा पळा' या तयारीत कसे जाते याचे विवेचन केले. १९३६ मध्ये माँट्रियल येथे हान्स सेल्ये यांनी 'नेचर' नियतकालिकातील एका छोट्या पत्रात दाखवले की थंडी, इजा, विष, अतिश्रम अशा सर्वस्वी भिन्न आघातांना उंदरांचे शरीर एकाच ठरावीक पद्धतीने प्रतिसाद देते. या प्रतिसादाशी पुढे त्यांनी 'स्ट्रेस' हा शब्द कायमचा जोडला. क्षणिक संकटात ही यंत्रणा आपल्याला वाचवते, आणि तीच महिनोन्महिने चालू राहिली तर शरीर झिजवते, हा या संशोधनाचा गाभा.

सिमल्याची हवा आणि फायलींचे गाडे

आपल्या देशात या समजुतीला राज्यकारभाराचे रूप मिळाले होते. उष्ण हवेत गोऱ्या अधिकाऱ्याचे मज्जातंतू थकतात, हे एकोणिसाव्या शतकात जवळजवळ गृहीतच धरले जाई. १८६४ मध्ये गव्हर्नर जनरल सर जॉन लॉरेन्स यांच्या कारकिर्दीत सिमला ही उन्हाळी राजधानी झाली. थंड हवेत कामाचा उरक कितीतरी वाढतो, हा त्यांचा युक्तिवाद होता. त्यानंतर दरवर्षी भारत सरकारचा संसार कलकत्त्याहून सिमल्यास आणि परत असा हलत राहिला. कालका–सिमला रेल्वे १९०३ मध्ये सुरू झाली. म्हणजे जवळजवळ चाळीस वर्षे डोंगरातील शेवटचा टप्पा बैलगाड्या, टांगे आणि हमालांच्या पाठीवरूनच पार पडे. मुंबई सरकारही उन्हाळ्यात महाबळेश्वर आणि पावसाळ्यात पुणे गाठत असे.

यातली विसंगती लक्षात घेण्याजोगी आहे. विश्रांतीची गरज ज्यांची मानली गेली ते डोंगरमाथ्यावरच्या बंगल्यांत राहिले. फायलींच्या पेट्या बांधणारे, सोडणारे आणि त्यांच्याबरोबर प्रवास करणारे देशी कारकून उतारावरच्या दाटीवाटीच्या वस्तीत, बहुधा कुटुंबापासून दूर राहिले. ओझे वाहणारा हमाल तर या हिशेबात नव्हताच. ताणावरचा उपाय अधिकृत होता, शासकीय खर्चाने होता आणि तो शिडीच्या वरच्या पायऱ्यांसाठी होता.

'कार्यकारी' माकडे

विसाव्या शतकाच्या मध्यास या समजुतीला प्रयोगशाळेचा आधार मिळाला. १९५८ मध्ये अमेरिकी लष्कराच्या वॉल्टर रीड संशोधन संस्थेतील जोसेफ ब्रेडी यांनी माकडांवरील एक प्रयोग प्रसिद्ध केला. माकडांच्या जोड्या केल्या होत्या. एका माकडाने वेळेवर कळ दाबली तर विजेचा धक्का दोघांचाही चुके. दुसऱ्याच्या हाती काहीच नव्हते. कळ दाबणाऱ्या 'कार्यकारी' माकडांना जठरव्रण होऊन ती मेली, दुसरी बचावली. निर्णय घेणाऱ्यालाच ताण मारतो, हा निष्कर्ष व्यवस्थापकांच्या जगात हातोहात स्वीकारला गेला. कोणाला तो आवडणार नाही?

दोष प्रयोगाच्या मांडणीत होता. कळ दाबण्याचे काम कोणाला द्यायचे हे चिठ्ठ्या टाकून ठरवले नव्हते. जी माकडे पूर्वचाचणीत झटपट कळ दाबत होती, तीच 'कार्यकारी' नेमली गेली होती. पुढे जे वाइस यांनी उंदरांवर काळजीपूर्वक प्रयोग केले तेव्हा उलटेच दिसले. धक्के दोघांना सारखेच बसत असता ज्याच्या हाती काही उपाय होता त्याला व्रण कमी झाले, आणि जो निरुपाय होता त्याला अधिक. (मनुष्याच्या जठरव्रणाचे प्रमुख कारण एक जिवाणू आहे, हे बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनी १९८० च्या दशकात दाखवले व त्यांना २००५ चे नोबेल पारितोषिक मिळाले. 'साहेबांचा अल्सर' ही प्रतिष्ठाही तेथेच ओसरली.)

व्हाइटहॉलची शिडी

खरा निर्णायक पुरावा मिळाला तो सरकारी कचेरीतच. मुंबईत 'मंत्रालय' म्हटले की जसे राज्य सरकार, तसे लंडनमध्ये 'व्हाइटहॉल' म्हटले की ब्रिटनची नागरी सेवा. १८५४ च्या नॉर्थकोट–ट्रेव्हेलियन अहवालाने या सेवेची घडण केली. त्याच वर्षी मेकॉले समितीने भारतीय नागरी सेवेसाठी स्पर्धा परीक्षेची शिफारस केली. ट्रेव्हेलियन हे मेकॉलेंचे मेहुणे आणि कलकत्त्यात नोकरी केलेले अधिकारी. तेव्हा त्या शिडीची आणि आपल्या शिडीची भाऊबंदकी जुनी आहे.

१९६७ मध्ये या सेवेतील पुरुष कर्मचाऱ्यांच्या आरोग्याचा अभ्यास सुरू झाला. मायकेल मार्मट, जेफ्री रोझ आणि सहकाऱ्यांनी १९७८ मध्ये १७,५३० जणांच्या साडेसात वर्षांच्या नोंदी प्रसिद्ध केल्या. सर्वांत खालच्या श्रेणीतील निरोप्यांचे, म्हणजे आपल्या भाषेत शिपायांचे, हृदयविकाराने मरण्याचे प्रमाण सर्वोच्च प्रशासकांच्या ३.६ पट होते. धूम्रपान, रक्तदाब, कोलेस्टेरॉल असे सारे ज्ञात घटक जमेस धरूनही या फरकाचा निम्म्याहून कमी भाग उलगडत होता.

अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला या आकड्यांतील एक गोष्ट विशेष भावते. येथे कोणीही दरिद्री नव्हते. सर्वांची नोकरी कायम, सर्व एकाच शहरात कामाला, आणि १९४८ पासून सर्वांना एकच राष्ट्रीय आरोग्य सेवा. तरीही मृत्यूचे प्रमाण पायरीपायरीने वाढत गेले. केवळ तळाच्याच माणसाची स्थिती वाईट होती असे नाही. दुसऱ्या पायरीवरचा सुशिक्षित, सुस्थित अधिकारीही पहिल्या पायरीवरच्यापेक्षा अधिक धोक्यात होता. गरिबी हे या कोड्याचे पुरे उत्तर नव्हते. शिडीच्या रचनेतच काहीतरी होते.

ते काय, हे शोधण्यासाठी १९८५ ते १९८८ या काळात दुसरा अभ्यास उभा राहिला: लंडनमधील २० खाती, ३५ ते ५५ वयाचे १०,३०८ कर्मचारी, आणि या वेळी ३,४१३ स्त्रियाही. अमेरिकेचे रॉबर्ट कॅरासेक यांनी १९७९ मध्ये मांडले होते की केवळ कामाचा बोजा घातक नसतो. बोजा भारी आणि निर्णयाची मुभा अल्प, हा मिलाफ घातक असतो. व्हाइटहॉलच्या दुसऱ्या अभ्यासाने ही कल्पना प्रत्यक्ष माणसांवर पडताळली. आपले काम कोणत्या क्रमाने करावे, केव्हा थांबावे, कोणती रीत वापरावी हे ज्यांच्या हाती नव्हते, त्यांना हृदयविकार अधिक झाला. तक्रारखोर माणूस स्वतःचे काम वाईटच सांगणार, ही शंका दूर करण्यासाठी त्या कामाचे मूल्यमापन कार्मिक व्यवस्थापकांकडूनही करून घेतले होते. संबंध तेव्हाही दिसला. १९९७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या विश्लेषणात श्रेणीश्रेणींमधील तफावतीचा सर्वांत मोठा वाटा 'कामावरील नियंत्रणाचा अभाव' याच घटकाकडे गेला.

याच अभ्यासात आणखी दोन गोष्टी उमगल्या. पहिली न्यायाची. वरिष्ठ आपले ऐकून घेतात आणि निःपक्ष वागतात असे ज्या पुरुष कर्मचाऱ्यांना वाटे, त्यांच्यात हृदयविकार कमी आढळला. दुसरी अनिश्चिततेची. प्रॉपर्टी सर्व्हिसेस एजन्सी या सरकारी बांधकाम संस्थेचे खासगीकरण होणार हे ठरल्यावर तेथील कर्मचाऱ्यांची प्रकृती विक्री होण्याच्या आधीच, केवळ प्रतीक्षेच्या काळात, ढासळू लागल्याचे १९९५ मध्ये नोंदवले गेले. नोकरी जाण्याने जे होते त्यातले काही, ती जाईल की राहील हे न कळण्यानेही होते.

या निष्कर्षांचे माप मात्र नीट घ्यावयास हवे. २०१२ मध्ये युरोपातील १३ अभ्यासांतील सुमारे १ लाख ९७ हजार व्यक्तींची माहिती एकत्र तपासण्यात आली. त्यांपैकी १५ टक्के लोक बोजा भारी आणि मुभा अल्प अशा कामांत होते. त्यांना हृदयविकाराचा धोका २३ टक्क्यांनी अधिक होता. हा धोका खरा आहे, पण धूम्रपानाच्या धोक्यापेक्षा कितीतरी लहान आहे. तेव्हा कचेरीच्या ताणाकडे बोट दाखवून विडी-सिगारेटला अभय देण्याचे कारण नाही.

आपल्याकडील चित्र

ताण हा स्वतः आजार नव्हे. पण तो किती पसरला आहे याचा अंदाज त्याच्या परिणामांवरून येतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२ च्या मांडणीनुसार, २०१९ मध्ये कामाच्या वयातील प्रौढांपैकी १५ टक्क्यांना काही ना काही मानसिक विकार होता, आणि नैराश्य व चिंताविकार यांमुळे जगात दरवर्षी १२ अब्ज कार्यदिवस वाया जातात. आपल्याकडे बंगळुरूच्या 'निम्हान्स' संस्थेने २०१५-१६ मध्ये १२ राज्यांत केलेल्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात १०.६ टक्के प्रौढांना त्या वेळी मानसिक विकार असल्याचे आढळले. बहुतेक विकारांत उपचारांपर्यंत न पोहोचलेल्यांचे प्रमाण ७० टक्क्यांहून अधिक होते. अल्प उत्पन्नाच्या घरांत विकारांचे प्रमाण अधिक होते, हेही त्याच अहवालात आहे.

तमिळनाडूतील ऊस उत्पादकांवरील एक अभ्यास २०१३ मध्ये 'सायन्स' नियतकालिकात प्रसिद्ध झाला. ४६४ शेतकऱ्यांची विचारशक्ती कापणीपूर्वी, हातात पैसा नसताना, आणि कापणीनंतर, पैसा आल्यावर, अशी दोनदा मोजली गेली. माणूस तोच, पण पैशाची विवंचना असताना त्याच्या बुद्धीची धार बोथट झालेली दिसली. या अभ्यासाच्या विश्लेषणावर पुढे आक्षेपही घेतले गेले. तरी उसाच्या बिलाची वाट पाहणारे घर ज्यांनी सांगली-कोल्हापुरात पाहिले आहे, त्यांना त्याचा मथितार्थ परका वाटू नये.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२१ च्या अहवालात देशातील १,६४,०३३ आत्महत्यांपैकी ४२,००४, म्हणजे २५.६ टक्के, रोजंदारीवर काम करणाऱ्यांच्या होत्या; कोणत्याही व्यावसायिक गटापेक्षा अधिक. रोजंदारीवरील लोकांची संख्याच मोठी आहे आणि आत्महत्येचे कारण एकच कधी नसते, हे ध्यानात ठेवूनही 'पाच वाजता मोकळा होणारा' माणूस खरोखर मोकळा असतो का, हा प्रश्न या आकड्यापुढे उभा राहतो.

नाव न घेता केलेले उपाय

ताण-व्यवस्थापन म्हटले की आज सभागृहात एक व्याख्यान, एक योगशिबिर आणि शेवटी सामूहिक छायाचित्र एवढे डोळ्यांपुढे येते. नियमित व्यायाम, पुरेशी झोप, श्वसन आणि ध्यान यांचा व्यक्तीला लाभ होतो, याविषयी शंका नाही. ज्याला जमेल त्याने ते अवश्य करावे. मात्र ब्रिटनमधील २३३ संस्थांतील ४६ हजारांवर कर्मचाऱ्यांच्या माहितीचे २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेले विश्लेषण सांगते की, अशा वैयक्तिक उपक्रमांत भाग घेतलेले कर्मचारी भाग न घेतलेल्यांपेक्षा अधिक स्वस्थ नव्हते. सेवाभावी कामाची संधी हा काय तो अपवाद. कारण उघड आहे. व्याख्यान संपवून माणूस परत त्याच खुर्चीत बसतो. ब्रिटनच्या आरोग्य व सुरक्षा कार्यालयाने २००४ मध्ये जी मानके ठरवली ती म्हणूनच माणसाविषयी नसून कामाविषयी आहेत: कामाचा बोजा, त्यावरील नियंत्रण, मिळणारा आधार, परस्परसंबंध, भूमिकेची स्पष्टता आणि बदल हाताळण्याची रीत.

आपल्या प्रशासनानेही ताणावर प्रभावी उपाय केले आहेत. फक्त त्यांवर 'ताण' असे लेबल कधी लावले नाही. १९५४ मध्ये दिल्लीत केंद्रीय कर्मचाऱ्यांची आरोग्य योजना सुरू झाली आणि आजारपणातील पैशाची धास्ती कमी झाली. बदलीच्या नोकरीत मुलांच्या शाळेचे काय, ही चिंता मिटवण्यासाठी १९६३ पासून केंद्रीय विद्यालये निघाली. महाराष्ट्राबाहेर नोकरी करणाऱ्या कितीतरी मराठी घरांतील मुले जोधपूरहून तेजपूरला आणि तेजपूरहून तिरुवनंतपुरमला गेली, पण त्यांचे पुस्तक तेच राहिले. ३ जून १९८५ पासून केंद्रीय प्रशासकीय कचेऱ्यांचा आठवडा पाच दिवसांचा झाला. १९८६ पासून पती-पत्नीस शक्यतो एका ठिकाणी नेमण्याचे धोरण आहे. २००८ मध्ये महिला कर्मचाऱ्यांस ७३० दिवसांची बालसंगोपन रजा मिळाली.

नियंत्रण आणि न्याय यांबाबत न्यायालयांनीही हात दिला. पूर्वी गोपनीय अहवालातील केवळ प्रतिकूल शेरा कर्मचाऱ्यास कळवत. 'चांगला' असा शेरा असेल तर कळवत नसत. पण बढतीसाठी 'अतिशय चांगला' हवा असेल तर तोच 'चांगला' माणसाला घरी बसवी, आणि का बसवले हे त्याला उमगतही नसे. मे २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने देवदत्त खटल्यात प्रत्येक शेरा कळवला पाहिजे असा निर्णय दिला आणि २००९ पासून संपूर्ण अहवाल दाखवण्याची रीत सुरू झाली. बदल्यांच्या बाबतीत महाराष्ट्राने २००५ च्या कायद्याने सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचा ठरवला, आणि ३१ ऑक्टोबर २०१३ रोजी टी. एस. आर. सुब्रमणियन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नागरी सेवा मंडळे व किमान कार्यकाळ यांचा आग्रह धरला. हे नियम सर्वत्र पाळले जातात असे नाही. तरी ज्याच्या हाती नियम आहे, त्याच्या हाती निदान अर्ज तरी आहे, आणि अगदीच निरुपाय असण्यापेक्षा ते पुष्कळ बरे.

शिडीबाहेरचा माणूस

एवढे सांगून झाल्यावर एक प्रश्न उरतो, आणि माझ्या मते आज तोच मुख्य आहे. वर सांगितलेले सारे उपाय कायम कर्मचाऱ्यांसाठी आहेत. सहाव्या वेतन आयोगानंतर 'गट ड' हा वर्गच क गटात विलीन झाला. कागदावर सर्वांत खालची पायरी नाहीशी झाली. काम मात्र नाहीसे झाले नाही. झाडलोट, पहारा, टपाल, संगणकावरील नोंदी ही कामे आता मोठ्या प्रमाणावर कंत्राटदाराची माणसे करतात. ती आपल्याच कचेरीत येतात, आपलाच चहा आणतात. पण ती कोणत्याही पदसूचीत नाहीत. त्यांना ना आरोग्य योजना, ना बालसंगोपन रजा, ना कळवण्याजोगा शेरा. व्हाइटहॉलचा शिपाई निदान शिडीच्या शेवटच्या पायरीवर उभा होता. हा माणूस जमिनीवर उभा राहून शिडी धरून आहे.

तीसेक वर्षांच्या नोकरीत वेगवेगळ्या राज्यांत मी एक गोष्ट सातत्याने पाहिली. कंत्राटाची मुदत ३१ मार्चला संपते आणि मुदतवाढीची फाइल एप्रिलच्या दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात सुटते. आपल्यासाठी तो पंधरा दिवसांचा विलंब. पूर्वलक्षी मंजुरीची एक ओळ लिहिली की संपला. त्या माणसासाठी तो पंधरा दिवस रोज सकाळी पडणारा प्रश्न असतो, 'आज आत सोडतील का?' प्रॉपर्टी सर्व्हिसेस एजन्सीच्या कर्मचाऱ्यांना जे झाले, ते येथे दरवर्षी होते, आणि त्याची नोंद कोठेच होत नाही.

यासाठी नवे धोरण येण्याची वाट पाहावी लागत नाही. मुदतवाढीचा प्रस्ताव जानेवारीत मांडणे, कंत्राटदाराने वेतन ठरलेल्या तारखेला दिल्याची खात्री करूनच त्याचे देयक मंजूर करणे, साप्ताहिक सुटी आणि कामाचे वेळापत्रक आधी कळवणे, काम कोणत्या क्रमाने करायचे ते करणाऱ्यावर सोपवणे, तक्रार कोणाकडे करायची ते नाव दारावर लावणे: हे सारे शाखाप्रमुखाच्या अधिकारात येते. यास निधी लागत नाही, फक्त फाइल वेळेवर लागते. मन फारच खचले असेल तर ऑक्टोबर २०२२ पासून चालू असलेली 'टेलिमानस' ही विनामूल्य दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर उपलब्ध आहे. तो क्रमांक साहेबांच्या दालनात नव्हे, तर पहारेकऱ्याच्या खोलीत लावावा.

शंभर-सव्वाशे वर्षे ताण हा वरच्या मजल्यावरचा आजार मानला गेला आणि म्हणून औषधही वरच्याच मजल्यावर पोहोचत राहिले. मोजमाप झाल्यावर कळले की तो जिना उतरत वाढत जातो. हे कळूनही आता अर्धशतक होत आले आहे. वरच्या मजल्यावर सही करणाऱ्यांनी एवढे तरी ध्यानात ठेवावे की, टेबलावर पडून राहिलेली प्रत्येक फाइल खाली कोणाच्या तरी झोपेतून वजा होत असते.